माझा मका, तिचं चावडर

मका निघायला लागला की माझ्या पोटात अजूनही थोडं दुखतं. खरं दुखणं नव्हे. लोक ज्याला पोटात दुखणं म्हणतात, ते. भाद्रपदात राहू गावाहून माझ्या भावाचं पोतं येतं. ओल्या पानांचा तो गोडसर, हिरवा वास ओसरीभर होतो. मी कणसं सोलायला बसते, बोटांना मऊ केस चिकटत राहतात, आणि माहेरचा माल दारात आल्याचा आनंद व्हायचा सोडून मला एका बाईची आठवण येते. आयुष्यात मी तिचा जेवढा हेवा केला तेवढा कुणाचाच केला नाही. ती श्रीमंत नव्हती, माझ्यापेक्षा देखणी नव्हती, शिकलेली तर नव्हतीच. आमच्याच घरामागच्या खोलीत भाड्यानं राहायची.

आमचं घर सणसवाडीत. शेताचा एक तुकडा गेला आणि त्याच्या कडेला कंपन्या उभ्या राहिल्या, तेव्हा गावात सगळ्यांनीच खोल्या काढल्या. आम्हीही मागच्या अंगाला पाच काढल्या, एका ओळीत, पुढे लांबलचक ओटा आणि सगळ्यांत मिळून एक नळ. लोक येत, दोन-तीन वर्षं राहत, जात. कुणी लातूरचं, कुणी बिहारचं. मला त्यांची नावं नीट लक्षात राहायची नाहीत, वास राहायचे. एका खोलीतून मोहरीच्या तेलाचा वास, एका खोलीतून सुक्या मासळीचा. तिसऱ्या खोलीत झारखंडचं एक जोडपं आलं. नवरा वेल्डिंगला होता. बायको पुष्पा, तिशीची असेल, एका कंपनीच्या कँटीनमध्ये स्वयंपाकाला जायची. पहाटे गाडी न्यायला यायची, तीन-साडेतीनला ती परत. मोठ्यानं हसायची. भांडी घासताना, कपडे पिळताना, कुणाशी फोनवर बोलताना. मला ते हसणं तेव्हाही फारसं आवडायचं नाही.

ते वर्ष प्राजूचं होतं. प्राजक्ता माझी एकुलती एक. मेडिकलच्या परीक्षेला दुसऱ्यांदा बसली होती. पहिल्या वेळी थोडक्यात हुकलं म्हणून आम्ही सगळे म्हणालो, अजून एक वर्ष दे. तिनं दिलं. दुसऱ्या वेळी पहिल्यापेक्षाही कमी मार्क पडले. मोबाइलवर निकाल पाहिला, मोबाइल पालथा ठेवला आणि आतल्या खोलीत जाऊन भिंतीकडे तोंड करून झोपली. मला वाटलं दोन दिवसांनी उठेल. दोन महिने झाले तरी ती तशी उठली नाहीच.

रडत नव्हती. रडली असती तर मला जवळ घेता आलं असतं. विचारलं तेवढ्यापुरतं बोलायची आणि जेवायची नाही. आता मला स्वतःच्या तोंडानं सांगायला नको, पण गावात कुणाकडे कार्य असलं की मासवडीला मला बोलावतात. माझ्या हातचं पिठलं खाऊन ह्यांच्या कंपनीतल्या लोकांनी ताटं पुसून घेतलीत. ते सगळं मी केलं. शेंगोळी केली, पुरणाचे मांडे केले, तिला आवडतो म्हणून गूळ घालून शिरा केला. ती समोर बसायची, भाकरीचा तुकडा मोडायची आणि दोन बोटांत त्याची गोळी करत राहायची. ताटाच्या कडेला अशा सात-आठ गोळ्या राहायच्या. मी ताट उचलायचे आणि मोरीशी उभी राहून त्या गोळ्यांकडे बघत बसायचे.

शिक्रापूरच्या डॉक्टरांनी रक्त तपासलं, म्हणाले, बाकी काही नाही, पोटात अन्न जाऊ द्या. त्याच आठवड्यात मी गच्चीच्या दाराला कुलूप लावलं. का लावलं ते ह्यांनी विचारलं नाही आणि मीही बोलले नाही. दुसऱ्या दिवशी पुष्पा ओल्या कपड्यांची बादली घेऊन जिन्यात उभी.

"भाभी, ऊपर की चाबी?"

"हरवली," मी म्हणाले.

तिनं कुलपाकडे पाहिलं, माझ्याकडे पाहिलं, मग आतल्या खोलीच्या बंद दाराकडे. बादली खाली घेऊन गेली आणि ओट्यावरच दोरी बांधली. पुढे गच्चीचं नाव तिनं पुन्हा काढलं नाही. तिला कळलं होतं. तिला कळलं याचाही मला राग आला.

मग पोतं आलं. दादानं, म्हणजे माझ्या थोरल्या भावानं, त्या वर्षी पहिल्यांदाच राहूला गोड मका केला होता. नदीचा पूल ओलांडून टेम्पोवाल्याबरोबर पाठवला. एवढा मका आम्ही तिघं काय खाणार, म्हणून मी खोल्याखोल्यांतून चार-चार कणसं वाटली. पुष्पाला सहा दिली, चाबीच्या खोटेपणाची भरपाई म्हणून असेल.

त्या संध्याकाळी मी स्वयंपाकघराच्या खिडकीपाशी होते. पाऊस नुकताच थांबला होता, पन्हाळीतून थेंब गळत होते. प्राजू कचऱ्याची बादली घेऊन मागे गेली होती, बराच वेळ झाला तरी आली नव्हती. मी घाबरून खिडकीतून डोकावले. ती पुष्पाच्या उंबऱ्यावर बसली होती. मांडीवर स्टीलचा वाडगा, त्यातून वाफ. फुंकर घालून ती चमच्यानं खात होती. एक चमचा, दुसरा, तिसरा. मी मोजत होते. मग तिनं वाडगा पुढे केला आणि पुष्पानं आतून पळीनं अजून वाढलं.

आधी मला काय वाटलं, हे मी कित्येक वर्षं कुणाला सांगितलं नाही. पोरगी जेवली याचा आनंद दुसऱ्या नंबरानं आला. पहिल्यांदा आलं ते हे, की मका माझ्या माहेरचा होता, पोरगी माझ्या पोटची होती, आणि त्या वाडग्यात माझं काहीच नव्हतं.

"काय खाल्लंस गं?" ती घरात आल्यावर मी अगदी सहज विचारल्यासारखं विचारलं.

"चाउडर. मका-बटाट्याचं घट्ट सूप. त्यांच्या कँटीनला फॉरेनचे साहेब येतात ना, त्यांच्यासाठी करतात."

"चावडी?" हे टीव्हीसमोरून म्हणाले, आणि प्राजू हसली. दोन महिन्यांनी हसली. पुष्पाही त्याला चावडरच म्हणायची, आमच्या घरात तेच नाव पडलं.

मग ते रोजचंच झालं. साडेतीनला गाडीचा हॉर्न वाजला की प्राजू उठून केस बांधायची आणि मागे जायची. मी दुपारी तिच्यासाठी झाकून ठेवलेलं ताट तसंच असायचं. रोज काही चावडर नसे. कधी नुसता चहा, कधी मुरमुरे. पण पावसाची सर आली की पुष्पा पातेलं चढवायची, आणि लोण्यात परतल्या कांद्या-लसणाचा, दुधाचा, मिऱ्याचा वास ओट्यावरून माझ्या स्वयंपाकघरात यायचा. तो वास वाईट असता तर बरं झालं असतं. तो फार चांगला होता. अंगावर पांघरूण घातल्यासारखा. त्यामागून दोघींचं हसणं यायचं. आईपाशी तोंडातून शब्द न काढणारी मुलगी तिथे काय एवढं बोलते, म्हणून मी नळावर उगीच कळशी भरायला जायचे. मी गेले की त्या गप्प व्हायच्या. कदाचित होतही नसतील, मला तसं वाटायचं.

एकदा मी ते स्वतः करायला घेतलं. विचारायचं नाही, हे मनाशी ठरवलेलं. त्यात काय, मका आणि बटाटा. दाणे शिजवले, बटाटे शिजवले, दूध घातलं. फिकं वाटलं म्हणून फोडणी दिली, हळद घातली, चव यावी म्हणून टोमॅटो चिरून टाकला. दूध फाटलं. पातेल्यात पिवळं पाणी आणि वर चोथा. गाळून, पुन्हा दूध घालून, मैद्याची पेस्ट लावून कसंबसं सारखं केलं आणि प्राजूपुढे ठेवलं. तिनं एक चमचा घेतला.

"छान आहे," म्हणाली. पाहुण्यांच्या घरी म्हणतात तसं. आणि थोड्या वेळानं वाडगा झाकून ठेवला.

दुसऱ्या दिवशी मी पुष्पाला गाठलं. ती कपडे वाळत घालत होती.

"पुष्पा, आमच्या भावाचा मुलगा येतोय. ओंकार. इथंच कंपनीत लागलाय. त्याला खोली लागेल."

"कौन सी, भाभी?" पाचवी खोली तेव्हा रिकामीच होती. तिनं त्या दाराकडे पाहिलंसुद्धा.

"तुमचीच बरी पडंल. उजेड हाय तिथं."

तिनं हातातला शर्ट झटकला, दोरीवर टाकला, चिमटे लावले. "महीना पूरा कर लें?" एवढंच म्हणाली. मी व्हय म्हणाले. महिना भरायला नऊ दिवस होते.

ते गेले त्या दिवशी प्राजूनं त्यांचं सामान टेम्पोत भरायला मदत केली. शिक्रापूरला खोली मिळाली होती. ओंकार येणार म्हणून तिलाही मी तेच सांगितलं होतं. टेम्पो गेल्यावर ती तिसऱ्या खोलीच्या उघड्या दारात उभी राहिली, मग आपल्या खोलीत गेली. पुढचे चार दिवस पुन्हा भाकरीच्या गोळ्या. मी जिंकले होते आणि ताट उचलून मोरीशी उभी होते.

पाचव्या दिवशी दादा आला. ह्या वेळी स्वतः, मोटरसायकलवर पुढे पोतं घेऊन. चहा पीत होता. हे म्हणाले, "ओंकारचं कधीपासून हाय? खोली धुऊन ठिवलीय त्याची."

"ओंकारचं काय?"

"कंपनीत लागलाय ना इथं."

दादा माझ्याकडे बघायला लागला. "कोण म्हनतं? त्यो बारामतीला शिकतोय की. दुसरं वरीस हाय त्याचं. कंपनीत कवा लागला?"

मी कप उचलायला गेले. प्राजू दाराशी उभी होती. तिनं माझ्या तोंडाकडे नुसतं पाहिलं, आणि मला वाटलं, आता ही परत त्या भिंतीकडे तोंड करून झोपेल, आणि ते माझ्यामुळे असेल.

झोपली नाही. दुसऱ्या दिवशी सकाळी तिनं अंघोळ केली, पोत्यातली दहा-बारा कणसं पिशवीत भरली आणि चपला घातल्या. निकालानंतर पहिल्यांदा ती आपण होऊन फाटकाच्या बाहेर पडली. मी मागून हाक मारली, "कुठं निघालीस?"

"शिक्रापूरला," म्हणाली, आणि हात करून जाणारी गाडी थांबवली.

संध्याकाळपर्यंत मी घरात कशालाच हात लावला नाही. ती आली तेव्हा तिच्या अंगाला मिऱ्याचा वास होता.

"मी सांगितलं तिला," ती म्हणाली. "की तू खोटं बोललीस."

"मग?"

"तिला माहीत होतं. त्याच दिवशी कळलं म्हणाली." तिनं रिकामी पिशवी खुंटीला अडकवली. "तुला काही बोलू नको, असं मला म्हणाली. म्हणाली, भाभीच्या जागी मी असते तर मीही काढलंच असतं."

पुष्पा चिडली असती, गावभर बोलली असती, तर मला सोपं गेलं असतं. मी तिला घरातून काढलं आणि तिनं माझ्याच पोरीपुढे माझी बाजू घेतली. हे पण तिलाच जमावं! त्या दिवशी मला तिचा जेवढा हेवा वाटला तेवढा त्या वाडग्यामुळेही वाटला नव्हता.

रविवारी मी गेले. सोबत मका नेला, दुसरं काय नेणार. शिक्रापूरच्या बाजाराच्या मागे, पत्र्याची एक खोली, आमच्यापेक्षा लहान आणि अंधारी. पुष्पानं मला पाहिलं आणि डोक्यावरचा पदर सारखा करून म्हणाली, "आइए भाभी." मी पलंगाच्या कडेवर बसले. काय बोलायचं ते येताना ठरवलं होतं, ते एक अक्षर तोंडातून येईना.

"ते चावडर," मी शेवटी म्हणाले, "माझं फाटतं."

ती हसली. तेच मोठं हसणं. "टमाटर डाला होगा."

मग तिनं मला ओट्याशी उभं केलं. दाणे काढून झाल्यावर मी उरलेली बुरकुंडं बाहेर टाकायला निघाले, तर तिनं हात धरला. "अरे, जान तो इसी में है." बुरकुंडं मोडून तिनं पाण्यात टाकली, झाकण ठेवून अर्धा तास उकळू दिली. आयुष्यभर मी ती म्हशीपुढे टाकत आलेय. त्या पाण्यात बटाट्याच्या फोडी. दुसऱ्या पातेल्यात लोणी, त्यावर कांदा, लसूण, चमचाभर मैदा, लाल होऊ द्यायचा नाही. निम्मे दाणे दुधात वाटून, निम्मे अख्खे. शेवटी आच कमी करून दूध, आणि मीठ सगळ्यांत शेवटी. हळद नाही, तिखट नाही. मी ढवळत होते, ती मागे उभी राहून बघत होती.

"तुम्ही दोघी बोलायच्या काय गं एवढं?" मी न वळता विचारलं.

"कुछ नहीं. वो पूछती थी, दीदी, फेल होके क्या होता है? मैं तो दसवीं में तीन बार फेल हुई ना. मैं बोली, पहली बार माँ ने मारा, दूसरी बार भी मारा, तीसरी बार माँ थक गई." ती पुन्हा हसली. "फिर क्या, कुछ नहीं हुआ. भात पकाया, खाया."

माझा हात पातेल्यातच थांबला. माझ्या घरात हे प्राजूला कुणी सांगितलं नव्हतं. मी रोज ताटाशी बसायचे ते डोळ्यांत प्राण आणून, आणि प्रत्येक घासाबरोबर तिला माझे डोळे गिळावे लागत असणार. पुष्पाला तिच्या मार्कांचं काही नव्हतं, ती जेवली काय आणि नाही काय. म्हणून ती तिथे जेवायची.

"खोली रिकामीच हाय," मी निघताना म्हणाले. "परत या. माझं चुकलं."

"नहीं भाभी," ती म्हणाली. रागानं नाही. "यहाँ गाड़ी दरवाज़े तक आती है." आणि ती परत आली नाही. पुढे त्या खोलीत कितीतरी लोक आले-गेले.

प्राजूनं पुढच्या वर्षी शिरूरच्या कॉलेजात नाव घातलं, साध्या बीएस्सीला. येता-जाता शिक्रापूर लागायचंच. आठवड्यातून एकदा ती तिथे उतरायची आणि तासभर उशिरा घरी यायची. मी कधी विचारलं नाही कुठे होतीस म्हणून. ती लपवायचीही नाही. चांगल्या मार्कांनी पास झाली तेव्हा तिनं आधी मला सांगितलं की तिला, हे मी मात्र पुष्पाच्या तोंडून काढून घ्यायचा प्रयत्न केला होता. तिनं ताकास तूर लागू दिली नाही. आता प्राजू पुण्यात एका लॅबमध्ये आहे, आपलं आपलं बघते, मी फोन केला तर हसून बोलते. आमचं बरं चाललंय. आई-मुलीचं चालतं तसं.

ह्या वर्षी आषाढात पुष्पा गावी गेली, कायमची. नवऱ्याचं इथलं काम संपलं, तिकडे सासू थकली. मला निघताना फोन केला होता. आता रोज सकाळी फुलांची चित्रं पाठवते, खाली सुप्रभात लिहिलेली. ती गेली हे कळल्यावर, खरं सांगते, मला हलकं वाटलं. एवढ्या वर्षांनी प्राजू नगर रोडनं सरळ घरी येईल, आधी पुढे शिक्रापूरला जाणार नाही. मग दोन दिवसांनी प्राजूचा फोन आला आणि ती फोनवर मुसमुसत होती, तेव्हा त्या हलकेपणाची लाज वाटली.

गेल्या शनिवारी ती आली. दादाचं पोतं आदल्याच दिवशी आलं होतं. दुपारी आभाळ भरून आलं, तिनं न सांगता मी पातेलं काढलं. बुरकुंडं उकळली. लोण्यात कांदा घातला. दूध अगदी शेवटी, आच बारीक करून. ती ओट्याला टेकून बघत होती. वाडगा हातात घेऊन ती मागच्या दाराच्या पायरीवर बसली, मी आत उभी. फुंकर घालून तिनं पहिला चमचा घेतला आणि डोळे मिटले.

"आई," ती म्हणाली, "अगदी पुष्पादीदीच्या हातचं झालंय."

एवढ्या वर्षांत तिनं माझ्या हातच्या कशाला एवढं चांगलं म्हटलं नव्हतं, आणि त्यात नाव दुसरीचं. मी तिच्या हातातून रिकामा वाडगा घेतला आणि पुन्हा भरून दिला. तोही तिनं संपवला.

पुष्पाला हे ऐकून फार आनंद होईल, मला माहीत आहे. ती तिथून एवढ्या मोठ्यानं हसेल की फोन कानापासून लांब धरावा लागेल. मी तिला सांगणार आहे. पण अजून सांगितलेलं नाही. चार दिवस जाऊ देत. तेवढे दिवस ते माझं एकटीचं असू दे.